‘मलाही असंच बाहेर पडायचंय’

पत्र थोडक्यात असे आहे. पत्रलेखिका ४१ वर्षांच्या आहेत. वडिलांनी सुरू केलेले रेस्टॉरंट त्या आणि त्यांचा धाकटा भाऊ मिळून चालवतात. सहा वर्षांपूर्वी वडील गेले, तेव्हा भाऊ दुसरीकडची चांगली नोकरी सोडून परत आला आणि त्याने स्वयंपाकघर हाती घेतले. हिशेब, माणसे, पुरवठादार आणि बँक हे सारे ताईंकडे आहे. गेली दोन वर्षे व्यवसाय तोट्यात आहे आणि त्यासाठी आईच्या घरावर कर्ज काढलेले आहे. रात्री सगळे आवरल्यावर दोघे भावंडे एकत्र बसून ‘द बेअर’ ही मालिका पाहत असत. पहिल्या पर्वापासून त्यांनी एकही भाग एकेकट्याने पाहिला नव्हता. चौथ्या पर्वाचा शेवटचा भाग संपला तेव्हा भावाने टीव्ही बंद केला आणि म्हणाला, “मलाही असंच बाहेर पडायचंय, ताई.” ताई म्हणाल्या, “तू पळपुटा आहेस.” त्याला आता तीन आठवडे झाले. दोघे कामापुरतेच बोलतात. ताईंचे प्रश्न तीन आहेत: या मालिकेने भावाच्या डोक्यात नको ते खूळ भरले आहे, ते कसे काढावे? त्याला थांबायला कसे पटवावे? आणि हे आईच्या कानावर घालावे की नाही?

तुमचे पत्र वाचल्यावर उत्तर लिहायला बसण्याआधी मी तो शेवटचा भाग पुन्हा एकदा पाहिला, कारण तुमच्या भांडणात दोन्ही बाजूंनी त्याचीच साक्ष काढली जात आहे. तुमच्या भावाला त्यात सुटकेची वाट दिसली आणि तुम्हाला दगा दिसला. मला तिसरेच काही दिसले, आणि ते तुमच्या उपयोगाचे आहे असे मला मनापासून वाटते.

ज्यांनी ही मालिका पाहिलेली नाही त्यांच्यासाठी कथा थोडक्यात सांगावी लागेल. शेवट आधी कळू नये असे ज्यांना वाटते त्यांनी पुढचा मजकूर नंतर वाचावा. शिकागोमध्ये घडणाऱ्या या कथेत कार्मी हा नामांकित स्वयंपाकघरांत तयार झालेला तरुण शेफ थोरल्या भावाच्या, मायकलच्या, आत्महत्येनंतर त्याचे कर्जात बुडालेले सँडविचचे दुकान चालवायला घरी परततो आणि पुढे त्याच जागी एक उंची रेस्टॉरंट उभे करतो. जून २०२५ मध्ये आलेल्या चौथ्या पर्वाच्या आरंभी, ज्यांचे पैसे त्यात गुंतलेले आहेत ते अंकल जिमी स्वयंपाकघरात उलटे मोजणारे घड्याळ लावतात. त्यावर १,४४० तास असतात, म्हणजे ६० दिवस; पैसे एवढेच दिवस पुरणार आहेत. पर्वाचा दहावा आणि शेवटचा भाग जवळजवळ संपूर्णपणे रेस्टॉरंटमागच्या मोकळ्या जागेत, मोजक्या माणसांच्या बोलण्यातून घडतो. कार्मी सगळे सोडून जाणार आहे, हे त्याची सहकारी सिडनी हिला भागीदारीच्या करारात त्याने करून घेतलेल्या बदलामुळे कळलेले असते. त्याआधी तिने स्वतःला आलेला दुसरीकडचा प्रस्ताव नाकारून इथेच राहायचे ठरवलेले असते. मायकलचा जिवलग मित्र रिची मध्येच तिथे येऊन पोहोचतो, वर्षानुवर्षे साठलेले बाहेर पडते, शेवटी कार्मीची बहीण नॅटलीही बाहेर येते, आणि आतले घड्याळ शून्यावर येऊन वाजू लागते.

आता तुमचा पहिला प्रश्न. मालिका पाहून माणूस नोकरी, धंदा किंवा घर सोडायला उठत नाही. फार तर, जे वाक्य त्याला कित्येक महिने उच्चारता येत नव्हते ते उच्चारायला त्याला एक निमित्त मिळते. तुमच्या पत्रातच याचा पुरावा आहे. गेल्या वर्षभरात भाऊ जेवणाच्या वेळी तुमच्याबरोबर जेवत नाही, उभ्यानेच दोन घास खातो. नवा पदार्थ करून पाहणे त्याने बंद केले आहे. सुटीच्या दिवशीही तो उशिरापर्यंत झोपून असतो, असे तुम्ही ओघात लिहून गेला आहात. ही लक्षणे मालिकेच्या आधीची आहेत. तुम्हाला ती दिसत होती, म्हणूनच ती पत्रात उतरली. तेव्हा खूळ काढून टाकण्याचा विचार कृपया सोडून द्या. ज्याला तुम्ही खूळ म्हणता ते बहुधा त्याने बऱ्याच काळानंतर तुमच्याशी बोललेले पहिले खरे वाक्य आहे, आणि ते तुमच्याशीच बोलले गेले याला महत्त्व आहे. कार्मीने सिडनीला आधी विश्वासात घेतले नव्हते. तुमच्या भावाने वकिलाकडे जाण्याआधी, दुसरी नोकरी शोधण्याआधी, ताईला सांगितले.

याच ठिकाणी तुमचे आणि माझे त्या भागाचे वाचन वेगळे होते. तुम्ही लिहिता की सिडनीचा संताप तुम्हाला तंतोतंत आपला वाटला, कारण सगळे गळ्यात टाकून कार्मी पळतो. सिडनी संतापते हे खरेच आहे आणि त्या संतापात व्यवसायाच्या काळजीचाही वाटा आहे. पण तिला सर्वांत जास्त काय लागते ते पाहा. तो जाणार हे तिला कागदावरून कळते; ज्या निर्णयाने तिचे आयुष्य बदलणार आहे तो तिच्या गैरहजेरीत झालेला असतो; आणि इथे राहायचे की नाही हे तिने ठरवले तेव्हा तिच्यापासून सर्वांत मोठी गोष्ट लपवलेली असते. तिची तक्रार त्याच्या जाण्याइतकीच, किंबहुना त्याहून अधिक, आपल्याला न विचारण्याबद्दल आहे. माझा तुम्हाला एक प्रश्न आहे आणि तो राग न मानता घ्यावा अशी विनंती आहे: तुम्हाला कोणी कधी विचारले होते का?

वडील गेले तेव्हा भाऊ परत आला, म्हणून घरात सगळ्यांनी त्याच्या त्यागाची वाखाणणी केली. तुम्ही तर तिथेच होता. तुमच्या थांबण्याला कोणी निर्णय मानले नाही, कदाचित तुम्हीही मानले नाही. पत्रात भावाच्या वाया गेलेल्या नोकरीचा उल्लेख दोनदा येतो आणि तुम्ही लग्नाआधी घेतलेल्या प्रशिक्षणाचा उल्लेख एका अर्ध्या वाक्यात येऊन संपतो. भाऊ “बाहेर पडायचंय” म्हणाला तेव्हा तुम्ही ज्या वेगाने त्याला पळपुटा म्हणालात, त्या वेगात मला निव्वळ काळजी दिसत नाही. आपण जे वाक्य स्वतःला कधी म्हणू दिले नाही ते दुसऱ्याने सहज म्हटले, याचा चटका त्यात आहे असे मला वाटते. माझा अंदाज चुकीचा असू शकेल. पण भावाशी बोलण्याआधी एका संध्याकाळी एकटीने बसून हे लिहून काढा: हे रेस्टॉरंट आज माझ्या मालकीचे नसते, तर मी ते चालवायला घेतले असते का? उत्तर कोणाला दाखवू नका. परंतु ते ठाऊक नसताना भावाला थांबवण्याचा प्रयत्न करू नका, कारण तो यशस्वी झाला तर तुम्ही दोघेही अडकून पडाल.

पळपुटा या शब्दाबद्दल थोडे आणखी बोलायला हवे. त्या भागात रिची कार्मीवर बराच काळ राग धरून आहे, आणि त्या रागाचे मूळ मायकलच्या अंत्यविधीत आहे. कार्मी आलाच नाही, असे रिची धरून चालला आहे. त्या मोकळ्या जागेत बोलता बोलता कळते की तो तिथवर आला होता, पण त्याला आत पाऊल टाकता आले नाही. इतका काळ एकत्र काम करूनही हे सांगितलेही गेले नव्हते आणि विचारलेही गेले नव्हते. रिचीने त्या गैरहजेरीचा अर्थ स्वतःच लावला आणि पुढची सारी भांडणे त्या अर्थावर उभी राहिली. दुसऱ्या पर्वाच्या शेवटच्या भागात कार्मीची आई डोना हिच्या बाबतीतही असेच घडते. मुलांच्या नव्या रेस्टॉरंटच्या दारापर्यंत ती येते आणि आत येऊ शकत नाही. दाराबाहेर थांबलेल्या माणसाला आतले लोक न आलेला समजतात. माझ्या मते संपूर्ण मालिकेतील सर्वांत खरी गोष्ट हीच आहे, आणि स्वयंपाकघरातल्या आरडाओरड्यामुळे ती अनेकांच्या नजरेतून सुटते. तुमच्या भावाच्या वागण्याचाही तुम्ही एक अर्थ लावून टाकला आहे. तो कदाचित बरोबर असेल. पण तो त्याला विचारून लावलेला नाही.

त्याला काय विचारायचे? ‘बाहेर पडणे’ म्हणजे काय, हे. वरवर पाहता हा शब्द सोपा आहे, पण कुटुंबाच्या व्यवसायात त्याचे निदान चार अर्थ होतात आणि प्रत्येकाचा हिशेब वेगळा असतो. त्याला रोजच्या चुलीपासून सुटका हवी आहे, पण मालकीत राहायला त्याची हरकत नाही, असे असू शकते. त्याला मालकी आणि कर्जाची टांगती तलवार नको आहे, पण पगारदार म्हणून स्वयंपाक करायला तो तयार आहे, असेही असू शकते. त्याला हे रेस्टॉरंट नको आहे, पण स्वयंपाक हवा आहे. किंवा कार्मीसारखे त्याला स्वयंपाकाचेच प्रेम उरलेले नाही आणि त्याखेरीज आपण कोण आहोत हे शोधायचे आहे. आणि पाचवी शक्यता, जी मला तुमच्या पत्रावरून सर्वांत आधी तपासावीशी वाटते, ती अशी की तो इतका थकला आहे की कशातूनही बाहेर पडायला त्याला बरेच वाटेल. सहा वर्षे सलग रात्री उशिरापर्यंत उभे राहून काम केलेल्या माणसाने थकव्याच्या भरात कायमचे निर्णय घेऊ नयेत, आणि त्याच्या जवळच्यांनी तसे निर्णय त्याच्याकडून वदवूनही घेऊ नयेत.

इथे एक गंभीर गोष्ट आडपडदा न ठेवता लिहिते. ज्या मालिकेत तुमच्या भावाला स्वतःचे प्रतिबिंब दिसले, तिच्या मुळाशी एका थोरल्या भावाची आत्महत्या आहे. तुमच्या भावाच्या मनात तसे काही आहे असे मी सुचवत नाही. परंतु झोप, भूक आणि उत्साह या तिन्हींवर परिणाम झाल्याचे तुम्ही लिहिले आहे, म्हणून त्याला स्पष्ट शब्दांत विचारा की त्याला जगण्याचाच कंटाळा आला आहे का. असे विचारल्याने तो विचार कोणाच्या मनात पेरला जात नाही. उलट बोलायला वाट मिळते. उत्तर होकारार्थी किंवा टाळाटाळीचे आले, तर धंद्याचे सगळे बोलणे त्या क्षणी बाजूला ठेवा, त्याला एकटे सोडू नका आणि त्याच दिवशी त्याच्याबरोबर डॉक्टरांकडे किंवा मानसोपचारतज्ज्ञांकडे जा. उत्तर नकारार्थी आले, तरी एकदा प्रकृतीची तपासणी आणि निदान दोन आठवड्यांची सलग रजा यांपासून सुरुवात करावी.

रजेचे नाव काढताच तुम्ही म्हणाल की त्याच्याशिवाय स्वयंपाकघर दोन दिवसही चालणार नाही. पत्रात तुम्ही हे वाक्य लिहिलेच आहे. दुसऱ्या पर्वाचा शेवटचा भाग पुन्हा आठवून पाहा. आप्तेष्टांसाठी ठेवलेल्या पहिल्या रात्री कार्मी शीतकोठीत अडकतो. दार आतून उघडत नाही आणि ज्याच्यावाचून काहीच होणार नाही असे सगळे, विशेषतः तो स्वतः, समजत असतात तो माणूस कामातून बाद होतो. सिडनी आणि रिची मिळून ती रात्र पार पाडतात. आतल्या माणसाला मात्र आपल्यावाचून बाहेर काम चालू आहे हे सुखाचे वाटत नाही, आणि त्या बंद दाराआडून तो जे बोलतो त्याची किंमत त्याला पुढे मोजावी लागते. कुटुंबाच्या व्यवसायात ‘तुझ्यावाचून चालणार नाही’ हे वाक्य प्रेमाने म्हटले जाते, पण ज्याला ते म्हटले जाते त्याच्यासाठी ते त्याच शीतकोठीचे दार असते. म्हणून ही दोन आठवड्यांची रजा त्याच्या विश्रांतीसाठी जितकी हवी, तितकीच तुमच्या माहितीसाठीही हवी. त्याच्या पश्चात कोणते पदार्थ बिघडतात, कोणते कोणीही नीट करू शकते, हाताखालच्या कोणामध्ये पुढे येण्याची धमक आहे, कोणत्या पुरवठादाराशी फक्त तोच बोलू शकतो, हे त्या दिवसांत कळेल. रजेआधी त्याच्याकडून प्रत्येक पदार्थाचे प्रमाण, वेळ आणि कृती लिहून घ्या. जे त्याच्या हातात आणि जिभेवर आहे ते कागदावर आले, की तो थांबला तरी आणि गेला तरी तुमचा फायदाच आहे.

आता पैशांकडे वळू, कारण भावनेच्या बोलण्यात तो विषय नेहमी मागे राहतो आणि मग वकिलाच्या टेबलावर नको त्या वेळी वर येतो. मालिकेतल्या घड्याळाकडे पाहून तुम्हाला भीती वाटली, असे तुम्ही लिहिता. मला ते घड्याळ लावणारा माणूस त्या घरातला सर्वांत प्रामाणिक माणूस वाटला. पैसे किती दिवस पुरतील हे त्याने सर्वांना दिसेल असे भिंतीवर लिहिले. तुमच्याकडे हा आकडा आहे का? दोन वर्षे तोटा आहे असे तुम्ही लिहिले, पण दरमहा किती आणि कशामुळे, हे लिहिलेले नाही. शिवाय तुम्ही दोघे पगार घेत नाही, असेही लिहिले आहे. याचा अर्थ तुमचा खरा तोटा वहीतल्या तोट्याहून मोठा आहे, कारण दोन अनुभवी माणसांचे श्रम त्यात फुकट धरलेले आहेत. भाऊ गेल्यावर त्याच्या जागी मुख्य शेफ ठेवावा लागेल आणि तो फुकट काम करणार नाही. म्हणून बसून एकदा गेल्या बारा महिन्यांचा हिशेब दोघांचे बाजारभावाने पगार धरून मांडा. या व्यवसायात एक ढोबळ आडाखा वापरतात: कच्चा माल आणि माणसांचे पगार हे दोन्ही खर्च मिळून विक्रीच्या साधारण ६० ते ६५ टक्क्यांच्या आत असावेत, कारण उरलेल्यातून भाडे, वीज, इंधन, दुरुस्ती, हप्ते आणि नफा भागवायचा असतो. तुमचा आकडा यापेक्षा बराच वर असेल, तर भावाच्या थांबण्याने तो खाली येणार नाही. त्याच्या फुकट श्रमांनी फक्त तो झाकलेला राहील.

हिशेब मांडताना कोणत्या भागातून पैसा येतो आणि कोणत्या भागात जातो, हेही वेगळे काढा. मालिकेत सगळे लक्ष आतल्या उंची रेस्टॉरंटकडे असते. मात्र जुन्या दुकानाची आठवण म्हणून ठेवलेली सँडविचची खिडकी बाजूला निमूटपणे चालत असते आणि ती सांभाळणारा जुना कर्मचारी इब्राहीम तिच्या वाढीचा विचार करू लागतो. रोज पदार्थांची यादी बदलण्याच्या कार्मीच्या हट्टामुळे खर्च हाताबाहेर जातो, हेही तुम्ही दोघांनी पाहिले आहे. तुमच्या यादीत ७० पदार्थ आहेत असे तुम्ही अभिमानाने लिहिता. त्यांतील किती आठवड्यातून पाच वेळादेखील मागवले जात नाहीत, ते मोजा. यादी लहान केली तर माल कमी वाया जातो, स्वयंपाकघरातला ताण कमी होतो आणि नवख्या हातांनाही काम शिकता येते. हे भाऊ थांबला तरी करावे लागेल, म्हणून ते आजच सुरू करा.

मालकी, काम आणि कर्ज या तीन गोष्टी एकाच गाठोड्यात बांधू नका. भाऊ काम सोडू शकतो आणि मालकीत राहू शकतो. मग नफ्यात त्याचा वाटा किती आणि निर्णयांत त्याचे मत कोठे चालेल, हे लिहून ठेवावे लागेल. तो मालकी सोडू शकतो. मग त्याच्या वाट्याची किंमत ठरवावी लागेल, आणि तोट्यातल्या, कर्ज असलेल्या व्यवसायात ती किंमत शून्य किंवा उणेही निघू शकते, हे दोघांनी आधीच मनाला समजावलेले बरे. ही किंमत घरातल्या कोणी किंवा नात्यातल्या हिशेबनिसाने काढू नये, त्रयस्थाने काढावी. आणि कर्ज तर केवळ आपापसातल्या कराराने सुटत नाही. भावाने बँकेकडे जामीन म्हणून सही केली असेल, तर भागीदारीतून तो बाहेर पडला तरी बँक लेखी मुक्तता देईपर्यंत ती जबाबदारी सामान्यतः त्याच्यावर राहते. जागेच्या भाडेकरारावर आणि परवान्यांवर कोणाची नावे आहेत, वडिलांचे नाव अजून कोठे शिल्लक आहे का, हेही याच वेळी पाहून घ्या. कार्मी ज्या सहजतेने स्वतःला करारातून काढून घेतो, ती सहजता तुमच्या वाट्याला येणार नाही. भावाला हे सांगताना धमकीच्या सुरात सांगू नका. त्याला ठाऊक नसेल, तर ठाऊक असायला हवे, एवढाच त्यामागचा हेतू ठेवा.

तुमच्या पत्रात ‘बाबांचे रेस्टॉरंट’ हे शब्द सात वेळा आले आहेत. मी मोजले, कारण प्रत्येक वेळी ते वादाचा शेवट करण्यासाठी आलेले आहेत. बाबांचे आहे म्हणून विकता येत नाही, बाबांचे आहे म्हणून बदलता येत नाही, बाबांचे आहे म्हणून भावाला जाता येत नाही. पहिल्या पर्वाच्या शेवटच्या भागात कार्मीला मेलेल्या भावाची चिठ्ठी मिळते, तिच्यात घरातल्या एका पदार्थाची कृती असते, आणि त्या कृतीच्या मागे लागून टोमॅटोच्या डब्यांत लपवलेले पैसे सापडतात. त्या पैशांनी तो काय करतो? भावाचे दुकान जसेच्या तसे जपत नाही. तो ते बंद करतो आणि त्याच जागी वेगळे काही उभे करायला निघतो. त्याच्या निष्ठेबद्दल कोणालाही शंका येत नाही. तुमच्या वडिलांनी हे रेस्टॉरंट कशासाठी काढले होते, हे तुम्ही मला लिहिलेले नाही, पण तुम्हाला ते ठाऊक असणार. मुलांच्या पोटापाण्याची सोय व्हावी म्हणून काढले असेल, तर मुलांचे आणि त्यांच्या आईचे घर त्यात जाऊ देणे ही त्यांच्या इच्छेची पूर्तता म्हणता येईल का, याचा विचार करा. तो विचार करून तुम्ही थांबायचे ठरवले, तर ते थांबणे वेगळ्या बळाचे असेल.

आईला सांगावे का, या तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर मी थोडक्यात देते. सांगावे, मात्र तुम्हा दोघांचे एकदा सविस्तर बोलणे झाल्यावर, दोघांनी मिळून आणि कोणत्याही कागदावर सही होण्याआधी सांगावे. कर्ज त्यांच्या घरावर आहे. त्यामुळे त्या केवळ दुखावल्या जाऊ नयेत अशा आई राहिलेल्या नाहीत, त्यांचा या निर्णयात हक्क आहे. एकटीने जाऊन भावाची तक्रार केली, तर आईला दोन मुलांमध्ये न्याय करावा लागेल आणि ते त्यांच्यावर अन्यायाचे होईल. त्यानंतर कामगारांना सांगा. स्वयंपाकघरातल्या माणसांना मालकांमधला अबोला पहिल्या दिवसापासून कळलेला असतो, आणि अफवा ऐकून चांगली माणसे आधी जातात.

बोलणे कधी आणि कोठे करायचे, हे क्षुल्लक समजू नका. रात्री काम संपल्यावर नको, रेस्टॉरंटमध्ये नको, आणि टीव्हीसमोर तर नकोच. सुटीच्या दिवशी सकाळी, दोघांची झोप झालेली असताना, चालत चालत बोलता आले तर उत्तम. पहिल्या भेटीत निर्णय घ्यायचा नाही, हे आधीच ठरवा. मालिकेत इतक्या वर्षांचे ओझे एका भागात हलके होते, कारण भाग संपवावा लागतो. घरात असे बोलणे तीन-चार वेळा तुटते, पुन्हा जुळते, मध्येच कोणी उठून जाते. त्याची तयारी ठेवा. त्याचे बोलणे झाल्यावर एक तारीख दोघांनी मिळून ठरवा, समजा सहा महिन्यांनंतरची, आणि त्या दिवशी कोणता आकडा दिसला तर व्यवसाय पुढे चालवायचा, कोणता दिसला तर विकायचा किंवा बंद करायचा, हे आजच लिहून ठेवा. त्या सहा महिन्यांत भावाने काय करायचे आणि काय करायचे नाही, हेही लिहा. तारखेमुळे त्याला शेवट दिसेल आणि तुम्हाला तयारीला वेळ मिळेल. उद्या घड्याळ शून्यावर आल्यावर काय होते, हे त्या पर्वाचा शेवट दाखवत नाही. म्हणून त्याच्या आधारे तुमचा भाऊ सुटकेची खात्री देऊ शकत नाही आणि तुम्ही सर्वनाशाची.

तुमच्या भावाच्या जागी असलेले काही वाचकही हे वाचत असतील. त्यांचा व्यवसाय दुकानाचा, छापखान्याचा किंवा आणखी कशाचा असेल. त्यांना माझे एवढेच सांगणे आहे की जाण्याचा तुमचा हक्क मी मानते, पण जे मागे राहणार आहेत त्यांना ते कागदावरून, तिऱ्हाइताकडून किंवा एखाद्या मालिकेच्या शेवटाकडे बोट दाखवून कळू देऊ नका. त्यांना आपला निर्णय घेता येईल इतका अवधी ठेवून, तोंडाने सांगा. ‘तुम्ही माझ्यावाचून चांगले चालवाल’ असे म्हणणे पुरेसे नाही, मग ते कितीही मनापासून म्हटलेले असो. तुमच्या वाटणीचे कर्ज, तुमच्या वाटणीचे ज्ञान आणि तुमच्या जाण्याची तारीख या तिन्हींची व्यवस्था लावून द्या.

ताई, भावाशी बोलायला बसाल तेव्हा हिशेबाची वही लगेच काढू नका. आधी ‘पळपुटा’ हा शब्द परत घ्या. सहा वर्षांपूर्वी तो नोकरी सोडून आला होता हे तुम्ही त्या क्षणी विसरलात, एवढे कबूल करा. त्याला अवघडल्यासारखे होईल आणि तो बहुधा म्हणेल, “जाऊ दे, ताई.” तिथे जाऊ देऊ नका. त्या रात्री तो “मलाही असंच बाहेर पडायचंय” म्हणाला तेव्हा जे विचारायचे राहून गेले ते आता विचारा: “असंच, म्हणजे नेमकं कसं?” आणि त्याचे उत्तर पूर्ण होईपर्यंत मध्ये बोलू नका.